तहसीलच्या आवारातून ट्रॅक्टर सोडवून देणाऱ्या अण्णांना

आदरणीय अण्णा,
सादर प्रणाम.

आपण मंडळ अधिकारी म्हणून निवृत्त झालात, तरी कागद घेऊन येणाऱ्या कोणालाही ओट्यावरून परत पाठवत नाही, हे आपल्या पंचक्रोशीला ठाऊक आहे. घरी येऊन आभार मानले असतेच; पण माझ्यासारखे एकाच ट्रॅक्टरवर घर चालवणारे अनेकजण याच प्रसंगात सापडतात आणि घाबरून भलत्याच माणसाच्या हाती पैसे देतात, म्हणून हे पत्र उघडपणे लिहीत आहे.

विहिरीच्या खोदाईतून निघालेला मुरूम बांधावर पडून होता. शेजारच्या वाडीतील एकाच्या घराच्या भरावासाठी तो नेत असताना भरारी पथकाने ट्रॅक्टर अडवला. वाहतूक पास माझ्याकडे नव्हता, किंबहुना तो लागतो हेच मला माहीत नव्हते. ट्रॅक्टर ट्रॉलीसह जप्त होऊन तहसीलच्या आवारात उभा राहिला आणि दुसऱ्याच दिवशी एका मध्यस्थाने, पावती न देता तीस हजारांत प्रकरण मिटवतो, असा निरोप धाडला. रब्बीची पेरणी तोंडावर होती, बँकेचा हप्ता थकत होता आणि खरे सांगतो, मी पैसे मोजून ठेवले होते.

त्या संध्याकाळी आपण पंचनाम्याची प्रत दोनदा वाचलीत आणि पहिला प्रश्न विचारलात तो ट्रॉलीच्या मापाचा. पंचनाम्यात दोन ब्रास लिहिले होते. दुसऱ्या दिवशी आपण स्वतः टेप घेऊन आलात, लिपिकाला समोर उभे केलेत आणि मोजलेत : लांबी दहा फूट, रुंदी सहा फूट, भराव दीड फूट, म्हणजे 90 घनफूट. शंभर घनफुटांचा एक ब्रास, तेव्हा माल एक ब्रासही भरत नव्हता. पावसाच्या एका सरीने त्या मुरमावर गवताचे कोंभ फुटले होते, ते पाहून माझा जीव कासावीस झाला होता. आपण मात्र शांतपणे आकडे लिहून घेत होता. "रक्कम थोडी असो वा फार, चुकीच्या आकड्याखाली सही करायची नाही," हे आपले शब्द मी विसरलेलो नाही.

आपण मला खोटी आशाही दाखवली नाहीत. पायाच्या खोदाईतील माती त्याच जागेवर वापरली तर ते गौण खनिज (मुरूम, वाळू यांसारखे, ज्यावर सरकारला रक्कम भरावी लागते असे खनिज) ठरत नाही, अशा अर्थाचा सर्वोच्च न्यायालयाचा 2014 चा निकाल कोणीतरी मला सांगितला होता. मी मुरूम दुसऱ्याच्या जागेवर नेत होतो, त्यामुळे तो आधार मला मिळणार नाही, हे आपण स्पष्ट सांगितलेत. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 च्या कलम 48(7) नुसार बाजारमूल्याच्या पाच पटींपर्यंत दंड, ब्रासला 600 रुपये स्वामित्वधन (रॉयल्टी), आणि वाहनासाठी 2018 च्या नियमांप्रमाणे ट्रॅक्टरला एक लाख रुपये, असा सगळा हिशेब आपण वहीच्या एका पानावर मांडून दिलात. ती रक्कम पाहून माझ्या पत्नीच्या डोळ्यांत पाणी आले. तरीही तिने पाटल्या काढून दिल्या, कारण हा पैसा सरकारी चलनाने भरला जाणार होता आणि पुन्हा कोणी दारात येणार नव्हते.

सर्वांत मोलाची गोष्ट पुढची. कलम 48(8) प्रमाणे जप्त वाहन 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा उपजिल्हाधिकारी दर्जाहून कमी नसलेल्या प्राधिकृत अधिकाऱ्यांपुढे सादर व्हायला हवे. पाचव्या दिवशीही माझ्या ट्रॅक्टरचा प्रस्ताव तहसीलमधून वर गेलेला नव्हता. आपण कोणावर आवाज चढवला नाहीत की ओळख वापरली नाहीत. अर्ध्या पानाचा अर्ज लिहून दिलात, त्यात जप्तीची तारीख आणि कलम तेवढे नमूद केलेत, आणि पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडायची नाही, असे बजावलेत. प्रस्ताव त्याच आठवड्यात प्रांत कार्यालयात पोहोचला. फेरमोजणीचा आकडा आदेशात आला. कलम 247 खाली अपील करता येते, पण तोवर ट्रॅक्टर अडकून राहू शकतो, हेही आपण सांगितलेत आणि निर्णय माझ्यावर सोपवलात. मी दंड भरला, पुन्हा विनापरवाना वाहतुकीसाठी वाहन वापरणार नाही असे बंधपत्र दिले, आणि तेविसाव्या दिवशी ट्रॅक्टर घरी आणला. गव्हाची पेरणी आठवडाभर लांबली, पण चुकली नाही.

त्या बंधपत्राची प्रत मी टूलबॉक्समध्ये ठेवली आहे. गेल्या महिन्यात मुरमाचे भाडे आले, तेव्हा आधी वाहतूक पास हाती घेतला आणि मगच ट्रॉली भरली.

आपण माझ्याकडून चहाखेरीज काही घेतले नाहीत. आपली टेप मात्र अजून माझ्याकडेच आहे; गुरुवारी बाजारला येताना ती घेऊन येतो आणि सौभाग्यवतींनाही नमस्कारासाठी सोबत आणतो.

आपला कृतज्ञ,
वाडीतील एक ट्रॅक्टरमालक शेतकरी