ठराव मांडून न थांबणारा सभासद

मा. संपादक,
स. न. वि. वि.

दरवर्षी २० मार्चला महाडमध्ये पाय ठेवायला जागा नसते. १९२७ च्या चवदार तळे सत्याग्रहाची बातमी सगळी वर्तमानपत्रे देतात, आणि ती दिलीच पाहिजे. पण बाबासाहेब आणि त्यांचे हजारो सहकारी तळ्यावर गेले तेव्हा ज्या ठरावाचा आधार त्यांच्यामागे होता, तो मांडणाऱ्या सभासदाचे नाव क्वचितच छापून येते. ते होते मुंबई कायदे कौन्सिलचे, म्हणजे तेव्हाच्या प्रांतिक विधिमंडळाचे, सभासद सीताराम केशव बोले. कोकणातल्या भंडारी समाजाचे पुढारी. १९०९ साली कामगार हितवर्धक सभा काढणाऱ्यांपैकी एक. दादरचा बोले रोड त्यांच्याच नावाचा. सिद्धिविनायकाला जाताना आपले चाकरमानी त्यावरून जातात.

ऑगस्ट १९२३ मध्ये बोल्यांनी कौन्सिलात ठराव मांडला : सरकारी पैशाने बांधलेले किंवा चालवलेले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, तसेच शाळा, कचेऱ्या, दवाखाने अस्पृश्यांना खुले असावेत. ठराव मंजूर झाला. सरकारने सप्टेंबरमध्ये खात्यांना कळवले. जानेवारी १९२४ मध्ये महाड नगरपालिकेनेही तळे खुले केल्याचा ठराव केला. कागद पूर्ण झाला, तळ्यावरचा धाक मात्र तसाच राहिला.

मी सारी नोकरी ग्रामसेवक म्हणून केली. ठराव लिहिणे हेच माझे काम. सूचक अमुक, अनुमोदक तमुक, सर्वानुमते मंजूर. पुढच्या मासिक सभेत मागील इतिवृत्त वाचून कायम करायचे की विषय संपला. विहिरीच्या कठड्याचे, पाखाडीचे (पायऱ्यांच्या वाटेचे), स्मशानशेडचे कितीतरी ठराव माझ्याच अक्षरात वहीत पडून आहेत. 'माझ्या ठरावाचे काय झाले?' असे विचारायला सूचक पुन्हा उभा राहिलेला मी फार थोड्या वेळा पाहिला. म्हणून बोल्यांबद्दल मला सर्वांत मोठे वाटते ते १९२६ साल. आपला ठराव कोणी पाळत नाही हे पाहून त्या ऑगस्टमध्ये ते पुन्हा उभे राहिले आणि दुसरा ठराव मांडला : ज्या नगरपालिका व लोकल बोर्डे हे अमलात आणणार नाहीत, त्यांचे अनुदान रोखा. संस्थेला कुठे हात घातला की जाग येते, हे त्यांना पक्के ठाऊक होते.

पुढे सत्याग्रह झाला, महाड नगरपालिकेने आपला ठराव मागे घेतला, प्रकरण कोर्टात गेले आणि १९३७ मध्ये हायकोर्टाचा निकाल अस्पृश्यांच्या बाजूने लागला. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये बाबासाहेबांनी विधिमंडळात खोती, म्हणजे गावचा सारा वसूल करणाऱ्या खोतांची कोकणातली जमीन-पद्धत, नष्ट करण्याचे विधेयक मांडले. ते तेव्हा मंजूर झाले नाही. खोती निर्मूलनाचा कायदा व्हायला १९४९ उजाडले. सभागृहातले काम असे सावकाश फळते, आणि ते कोणी केले हे लोकांना सांगावे लागते.

आज आमदाराची कारकीर्द आपण भूमिपूजनाच्या फलकांवरून मोजतो. यात मतदारांइतकीच वर्तमानपत्रांचीही जबाबदारी आहे, असे मी स्पष्ट म्हणतो. रायगडचे सात, रत्नागिरीचे पाच, सिंधुदुर्गचे तीन, असे आपले पंधरा आमदार विधानसभेत बसतात. अधिवेशनात त्यांनी कोणते तारांकित प्रश्न (मंत्र्यांनी सभागृहात तोंडी उत्तर द्यायचे) विचारले, कोणती लक्षवेधी (तातडीच्या विषयाकडे मंत्र्यांचे लक्ष वेधणारी सूचना) मांडली, मंत्र्यांनी काय उत्तर दिले, हे आमच्यापर्यंत पोहोचत नाही. मुंबई-गोवा महामार्गाविषयी कोण बोलले? २२ जुलै २०२१ ला आमच्या महाड तालुक्यातल्या तळिये गावावर दरड कोसळली. तशा डोंगराखालच्या इतर वाड्यांच्या पुनर्वसनावर कोणी उत्तर मागितले? सभागृहात मंत्र्यांनी दिलेल्या शब्दाचा पाठपुरावा करायला विधिमंडळाची आश्वासन समिती आहे, हेही गावात फारसे कोणाला माहीत नाही.

तेव्हा विनंती अशी की, अधिवेशनाच्या काळात आपण आठवड्यातून एकदा चौकट द्यावी : आमदार, प्रश्न, उत्तर. आणि पुढच्या अधिवेशनात तीच यादी पुन्हा काढून, कोणत्या आश्वासनाचे काय झाले ते छापावे. महाड तालुक्यापुरते कागद वाचून टिपण करून द्यायला मी तयार आहे.

आपला,
एक निवृत्त ग्रामसेवक, महाड (रायगड)