आवाहन : ऑलिंपियन गोलकीपर एस. एस. नारायण यांच्या खेळाचे दस्तऐवज जमवण्यासाठी

एस. एस. नारायण, म्हणजे मैदानावरचे ‘बाबू’. जन्म १९३४ चा, केरळमधल्या ओट्टपालमचा. फुटबॉल मात्र माटुंग्याचा. १९५६ ला मेलबर्न आणि १९६० ला रोम, अशा दोन्ही ऑलिंपिकच्या भारतीय संघांत ते होते. १९५८ चा रोव्हर्स कप (मुंबईतली जुनी फुटबॉल स्पर्धा) जिंकणाऱ्या कॅल्टेक्स या तेलकंपनीच्या संघाचे आणि १९६४ ची संतोष ट्रॉफी (राज्यांच्या संघांची राष्ट्रीय स्पर्धा) आणणाऱ्या महाराष्ट्राचेही ते गोलकीपर. ऑगस्ट २०२१ मध्ये ते गेले. त्यांच्या कारकिर्दीची एक नीट, तपासलेली नोंद आमचं मंडळ तयार करत आहे आणि त्यासाठी जुन्या मुंबई फुटबॉलच्या घराघरांतून मदत हवी आहे.

अडचण अशी की गोलकीपरची नोंद मुळातच कमी होते. मेलबर्नला १ डिसेंबरला ऑस्ट्रेलियाला ४-२ हरवलं, त्यात नेव्हिल डिसूझांचे तीन गोल. ४ डिसेंबरच्या उपांत्य सामन्यात युगोस्लाव्हियाविरुद्ध ५२ व्या मिनिटाला डिसूझांनीच आघाडी मिळवून दिली आणि पुढे आपण १-४ हरलो. तिसऱ्या जागेसाठी बल्गेरियाकडून ०-३. गोल कुणी आणि कितव्या मिनिटाला केला, हे कुठेही सापडतं. अडवलेल्या फटक्यांचा रकाना मात्र त्या काळच्या गुणपत्रिकेत नाहीच. त्यात हे सगळे हौशी खेळाडू. करार नाही, मानधनाची पावती नाही. नोकरी सांभाळून खेळायचं, रजा मंजूर झाली की परदेशी जायचं. म्हणून रजेचा अर्ज, ऑफिसच्या स्पोर्ट्‌स क्लबचं परिपत्रक, घरी आलेलं एखादं आंतरदेशीय किंवा हवाई पत्र ही आमच्या दृष्टीने अव्वल दर्जाची साधनं आहेत. घरच्यांना ती रद्दी वाटते, आणि दिवाळीच्या साफसफाईत तीच आधी जातात.

काय शोधायचं? मुंबईच्या कूपरेज मैदानावरच्या रोव्हर्स कपचे आणि हारवूड लीगचे (मुंबईची स्थानिक साखळी स्पर्धा) कार्यक्रम, तिकिटं, संघाचे फोटो, वर्तमानपत्रांची कात्रणं, पासपोर्टची शिक्क्यांची पानं, ब्लेझर, स्वेटर, चेंडू. तो चेंडू ओळखायला सोपा: चामड्याच्या पट्ट्या शिवलेला, तोंडाशी नाडी, आत रबरी ब्लॅडर. सामना सुरू होताना वजन १४ ते १६ औंस, पण पावसात चामडं पाणी पिऊन जड व्हायचं आणि नाडीच्या बाजूने लागला तर हात सोलायचा. आजच्यासारखे जाड ग्लोव्ह्‌ज नव्हते. कोरड्या दिवशी उघडे हात, ओल्या चेंडूला फार तर लोकरी हातमोजे. चेंडू हातात घेऊन चारपेक्षा जास्त पावलं टाकायची तर तो टप्पा देत न्यावा लागे. एखाद्या फोटोत गोलकीपर चेंडू आपटताना दिसला तर तो हाच नियम आहे, हे ध्यानात घ्या.

फोटोंच्या बाबतीत हमखास होणारी चूक आधी सांगतो. मेलबर्न आणि रोम, दोन्ही संघांत गोलकीपरची जोडी तीच, पीटर थंगराज आणि नारायण. म्हणून फोटोंखालच्या ओळी सर्रास उलटसुलट होतात. संघात नेव्हिल डिसूझा दिसले तर फोटो मेलबर्नचा; चुनी गोस्वामी दिसले तर रोमचा. मेलबर्नला कर्णधार समर बॅनर्जी, रोमला पी. के. बॅनर्जी, त्यामुळे नुसतं ‘कर्णधार बॅनर्जी’ लिहिलं असेल तर उपयोग नाही. शंका असेल तर नाव लिहूच नका, मोकळी जागा ठेवा. चुकीचं नाव एकदा छापलं गेलं की पुसता येत नाही.

वस्तू हाताळताना एवढं पाळा. फ्रेमच्या काचेला चिकटलेला फोटो ओढून काढू नका, त्याचा वरचा थरच काचेवर राहतो. काचेसकट आणा, आम्ही वरून स्कॅन करू. कात्रणांना सेलोटेप लावू नका आणि लॅमिनेशन तर अजिबात नको. टेपचा डिंक पिवळा पडून कागदात मुरतो, लॅमिनेशन कधीच निघत नाही. फोटोमागे लिहायचं तर मऊ पेन्सिलीने, कडेला. बॉलपेनची रेघ पुढे उमटते. जुन्या चेंडूत हवा भरू नका, वाळलेलं ब्लॅडर फुटतं आणि शिवण उसवते. त्याला तेलही लावू नका. आत धुतलेल्या मलमलचे बोळे हलके भरा, म्हणजे आकार टिकेल. स्वेटरला कसर लागली असेल तर पिशवीत हवाबंद करून दोन आठवडे फ्रीजरमध्ये ठेवा, मग बाहेर काढून पिशवी न उघडता दिवसभर राहू द्या. लगेच उघडलीत तर लोकरीवर दव धरतं.

वस्तू कायमची द्यायलाच हवी असं नाही. तुमच्यासमोर ६०० डीपीआयला स्कॅन करून मूळ प्रत त्याच दिवशी परत मिळेल. ठेवून घेतलं तर वर्णनासह सहीची पोच देऊ.

आम्हाला स्वतःला जे कमी पडतं ते असं: ए-फोर मापाची ३०० पॉलिएस्टर पाकिटं (पीव्हीसीची नकोत, ती घाम सोडतात आणि फोटोला चिकटतात), २० आम्लमुक्त पुठ्ठ्याची खोकी, ५ किलो सिलिका जेल, एक फ्लॅटबेड स्कॅनर आणि २ टीबीच्या दोन हार्डडिस्क, दोन अशासाठी की एक दुसऱ्या घरी राहील. वस्तूच दिलीत तर सगळ्यांत बरं. रोख रक्कम कितीही चालेल, पावती घ्याच.

सर्वांत घाई आठवणींची आहे. १९५६ ते १९६४ मध्ये कूपरेजवर सामने पाहिलेली मंडळी आता सत्तर-ऐंशीच्या पुढे आहेत. घरी असं कुणी असेल तर फोन हातभर अंतरावर ठेवून, पंखा बंद करून, अर्ध्या तासाचं बोलणं टिपा. सुरुवातीला नाव, तारीख आणि गाव बोलून घ्या. ‘नारायण कसे होते?’ असं विचारलं की ‘फार छान’ एवढंच उत्तर येतं. त्याऐवजी ते कॉर्नरला कुठे उभे राहायचे, चेंडू धरायचे की ठोसा मारायचे, किक कोणत्या पायाने घ्यायचे हे विचारा. मग माणूस खुर्चीतून उठून दाखवायला लागतो. ते व्हिडिओत आलं तर फारच उत्तम.

मंडळाचं कार्यालय दर रविवारी सकाळी १० ते १ उघडं असतं. ज्यांना जिना चढवत नाही त्यांनी निरोप पाठवावा. कार्यकर्ते स्कॅनर घेऊन घरी येतील. पावसाळ्यात मात्र कागद उघड्यावर आणू नका, दोन पिशव्यांत गुंडाळून आणा.