पन्नास लाखांचे घर कितीला पडते

बेळगाव, रविवार

तीर्थरूप आई व बाबा यांना शि. सा. नमस्कार, वि. वि.

गेल्या आठवड्यात बाबांनी फोनवर दोन गोष्टी निक्षून सांगितल्या. एक म्हणजे पिरनवाडीच्या बाजूच्या नव्या लेआउटमधले पन्नास लाखांचे रो-हाऊस हातचे घालवू नका, कर्ज तीस वर्षांचे घ्या म्हणजे हप्ता अंगावर येणार नाही. दुसरी म्हणजे तुमच्या दोघांच्या नावावरची पोस्टातली दहा लाखांची ठेव मोडून देतो आणि तेवढ्याने भागत नसेल तर अकोळच्या वाटेवरचे रान काढतो. त्या वेळी मी "बघू" म्हणून विषय थांबवला, कारण हा हिशेब तोंडी सांगण्यासारखा नाही. शिवाय कागद समोर असल्याखेरीज बाबा कोणत्याही आकड्यावर विश्वास ठेवत नाहीत, आणि ते योग्यच आहे. म्हणून सविस्तर लिहीत आहे.

बाबा, तंबाखूच्या वखारीत इतकी वर्षे खतावणी लिहिल्यामुळे तुम्हाला महिना दीड टक्क्याचे व्याज माहीत आहे, आणि त्यापुढे बँकेचे साडेआठ टक्के, तेही द.सा.द.शे., तुम्हाला अगदी स्वस्त वाटतात. दर स्वस्त आहे, यात वाद नाही. पण वखारीतले देणे हंगामापुरते असे आणि हे देणे दोन-तीन दशकांचे आहे, त्यामुळे दरापेक्षा मुदतच जास्त खाते. चाळीस लाखांचे कर्ज साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता 34,713 रुपये येतो. पहिल्या महिन्याचे व्याजच 28,333 रुपये होते, म्हणजे पावणेपस्तीस हजारांतले 6,380 रुपये तेवढे मुद्दलाला जातात. कारखान्याच्या ऊसबिलातून सोसायटीची वसुली आधी होऊन उरले तर शेतकऱ्याच्या हाती पडते, तसेच इथे व्याज आधी कापले जाते. पहिल्या वर्षात आपण चार लाख साडेसोळा हजार भरतो आणि कर्ज जेमतेम ऐंशी हजारांनी उतरते. मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा व्हायला 143 वा हप्ता उजाडावा लागतो, म्हणजे बारावे वर्ष सरत आलेले असते. दहा वर्षांनी साडेएकेचाळीस लाखांहून अधिक भरून झालेले असतात, तरीही अठ्ठावीस लाख देणे उभेच असते. शेवटपर्यंत धरले तर चाळीस लाखांच्या कर्जापोटी 83 लाख 31 हजार जातात.

आता तुम्ही सुचवलेली तीस वर्षांची मुदत पाहू. हप्ता 34,713 वरून 30,757 वर येतो. महिन्याला चार हजार वाचले असे वाटते, पण एकूण भरणा 1 कोटी 10 लाख 72 हजारांवर जातो. चार हजारांच्या सवलतीसाठी सत्तावीस लाख एकेचाळीस हजार जास्त मोजायचे, आणि तेही कोणत्या वयात? आम्ही दोघेही आज चाळिशीच्या उंबरठ्यावर आहोत. सत्तरीला हप्ता भरायला नोकरी कुठून आणायची, हे बँकेच्या माणसाने विचारले नाही. निवृत्तीचे वय पाहून बँक स्वतःच मुदत आखडती घेते, तरी त्याने उत्साहाने मोठीच मुदत दाखवली. हप्ता परवडतो की नाही, एवढेच तो सांगत होता. घर कितीला पडते, हा त्याचा प्रश्न नव्हता.

घराची किंमत पन्नास लाख म्हणजे बँक चाळीसच देणार, कारण तीस ते पंचाहत्तर लाखांच्या गृहकर्जात किमतीच्या 80 टक्क्यांपेक्षा जास्त देता येत नाही, आणि मुद्रांक व नोंदणीचा खर्च त्या किमतीत धरला जात नाही. आपल्या कर्नाटकात मुद्रांक शुल्क 5 टक्के, त्यावर उपकर आणि अधिभार, शिवाय नोंदणी शुल्क, जे ऑगस्ट 2025 अखेरीस 1 टक्क्यावरून 2 टक्के झाले. पन्नास लाखांवर हे सगळे तीन लाख ऐंशी हजारांपर्यंत जाते. काम चालू असलेले घर घेतले तर 5 टक्के जीएसटी वेगळा. पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या तयार घराला तो लागत नाही.

विम्याबद्दल आईने विचारले होते. कर्जदाराचा मुदत विमा असायलाच हवा आणि तो आम्ही स्वतंत्र घेणार आहोत. बँकेत मात्र एकरकमी हप्त्याचा विमा कर्जातच मिळवून देतात, म्हणजे खिशातून काही जात नाही असे वाटते. त्या एक लाखाच्या हप्त्यावरही वीस वर्षे व्याज चालते आणि तो आपल्याला दोन लाख आठ हजारांना पडतो.

बाबांचे म्हणणे असे की भाडे म्हणजे पाण्यात गेलेला पैसा. टिळकवाडीतल्या या घराला आम्ही बारा हजार भाडे देतो. दरवर्षी त्यात 5 टक्के वाढ धरली तर वीस वर्षांत साडेसत्तेचाळीस लाखांहून थोडे जास्त जातील. चाळीस लाखांच्या कर्जाचे वीस वर्षांचे नुसते व्याज त्रेचाळीस लाखांवर आहे, आणि घरपट्टी, दुरुस्ती, रंग, पावसाळ्यात गळणारी गच्ची हे मालकालाच करावे लागते. पाण्यात जाणारा पैसा दोन्हीकडे जवळजवळ सारखाच आहे. फरक एवढा की वीस वर्षांनी एका बाजूला घर उरते, आणि ते मी कमी लेखत नाही. घर घ्यायचे आमचे ठरलेलेच आहे. पण "भाड्याऐवजी हप्ता भरला की घर फुकट" हा हिशेब खरा नाही. दुसरी बाजूही लिहिते, नाही तर तुम्ही म्हणाल की एकतर्फी लिहिले: महागाईमुळे पंधराव्या वर्षीचे चौतीस हजार आजच्या चौतीस हजारांइतके जड नसतील, आणि पगार वाढले तर हप्ता हलका होत जाईल. पगार वाढतीलच, यावर मात्र उद्यमबागेतल्या कारखान्यांचे चढउतार जवळून पाहिल्यावर मी फार भिस्त ठेवत नाही.

बँकेने आम्हाला आज आठच्या आत दर सांगितला असताना मी साडेआठ का धरले, असे तुम्ही विचाराल. हा दर बदलता असतो. ऑक्टोबर 2019 पासून बँकांची बदलत्या दराची नवी गृहकर्जे बाहेरच्या निर्देशांकाशी, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, म्हणजे ती बँकांना ज्या दराने उसने देते त्याच्याशी, जोडलेली आहेत. तो रेपो मे 2022 च्या सुरुवातीला 4 टक्के होता आणि फेब्रुवारी 2023 पर्यंत साडेसहा झाला. 2025 मध्ये पुन्हा उतरला. ज्याने 2021 साली पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी चाळीस लाख घेतले, त्याचा हप्ता 30,415 होता. दोन वर्षांनी दर सव्वानऊ झाला तेव्हा त्याचे सुमारे अडतीस लाख बाकी होते आणि महिन्याचे व्याजच 29,270 रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलाला हजार-अकराशे रुपये जातात आणि उरलेली अठरा वर्षे पस्तीसच्या वर जातात. कित्येकांच्या बाबतीत हप्ता न वाढवता मुदत अशी मुकाट्याने लांबली, आणि त्यांना ते फार उशिरा कळले. म्हणून रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2023 मध्ये नियम केला की दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारले पाहिजे. आम्ही दर वेळी हप्ता वाढवून घेणार. वीस वर्षांचा हिशेब आजच्या दराने करू नये, एवढ्यासाठी मी साडेआठ धरले आहेत.

बाबांनी त्यांच्या ओळखीच्या एका पतसंस्थेतल्या सात टक्क्यांच्या कर्जाचे सुचवले होते. त्यांचा कागद मी पाहिला. ते सात टक्के सरसकट आहेत, म्हणजे मुद्दल उतरत गेले तरी व्याज पहिल्या दिवसाच्या रकमेवरच लागते. दहा लाखांवर दहा वर्षांत सात लाख व्याज, हप्ता 14,167. उतरत्या शिलकीवर मोजले तर हाच दर सुमारे पावणेबारा टक्के होतो. पतसंस्थेवर माझा राग नाही; त्यांनी काही लपवले नव्हते, फक्त कागदावर पुढे काय छापायचे हे त्यांनी ठरवले होते. ऑक्टोबर 2024 पासून बँकांना आणि गृहवित्त कंपन्यांना कर्जाची मुख्य माहिती एका पत्रकात, शुल्कासह वार्षिक दर धरून, आणि कर्जदाराला समजेल अशा भाषेत द्यावी लागते. आमच्या शाखेतले बरेचसे कागद कन्नड आणि इंग्रजीत असतात. मी हे पत्रक मराठीतून मागितले आहे, म्हणजे बाबांना ते स्वतः वाचता येईल.

आता तुमच्या ठेवीविषयी. 2023 साली तुम्ही ज्येष्ठ नागरिक बचत योजनेत जे दहा लाख ठेवले, त्यांवर 8.2 टक्के मिळतात आणि दर तिमाहीला 20,500 रुपये खात्यावर येतात. ते मोडून माझे साडेआठचे कर्ज कमी केले तर घरातल्या घरात मिळून अर्ध्या टक्क्याचाही फायदा नाही. आजचा दर आठच्या आत धरला तर तोटाच आहे, आणि मुदतीआधी मोडल्याबद्दल 1 टक्का, म्हणजे दहा हजार, कापले जातात ते वेगळेच. आईची रक्तदाबाची औषधे आणि बाबांच्या डोळ्यांच्या तपासण्या या तिमाहीच्या पैशांतून होतात. त्या ठेवीला हात लावायचा नाही. रानाबद्दल तर बोलायलाच नको. त्यात धाकट्याचा वाटा आहे, आणि एकदा विकलेले रान त्या भावात परत मिळत नाही.

आम्ही दोघांनी जे ठरवले ते असे. रो-हाऊस सोडायचे आणि भाग्यनगरमधला चाळीस लाखांचा जुना, पण चांगल्या बांधकामाचा फ्लॅट घ्यायचा. आमच्याकडे तेरा-साडेतेरा लाख जमले आहेत. त्यांतून दहा लाख आणि नोंदणीचे तीन लाख भागतात. उरलेले तीस लाख पंधरा वर्षांसाठी घ्यायचे. त्याचा हप्ता साडेआठ टक्क्यांनी 29,542 रुपये. बाबा, हा आकडा तीस वर्षांच्या 30,757 शेजारी ठेवून पाहा. दोन्हींत महिन्याला बाराशे रुपयांचा फरक आहे, पण एकीकडे एकूण 53 लाख 18 हजार जातात आणि दुसरीकडे 1 कोटी 10 लाख 72 हजार. पुढचे अंगण आणि गाडी लावायला जागा एवढ्यासाठी मी साडेसत्तावन्न लाख मोजायला तयार नाही. ह्यांना रो-हाऊसचे अंगण फार आवडले होते, हे खरे. हप्त्यांचे हे वेळापत्रक पाहून झाल्यावर त्यांनीच विषय काढायचे सोडले.

शिवाय वर्षातून एकदा, बोनस मिळेल तेव्हा, एक जादा हप्ता मुद्दलात भरायचा आहे. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व भरण्याबद्दल दंड घेण्यास बँकांना 2012 पासून मनाई आहे. चाळीस लाखांच्या वीस वर्षांच्या कर्जात असा एकेक जादा हप्ता भरला तर ते पावणेसतरा वर्षांच्या आतच फिटते आणि आठ लाखांहून अधिक वाचतात. आमच्या छोट्या कर्जात बचत त्या मानाने कमी, पण मुलीच्या कॉलेजच्या खर्चाआधी काही महिने मोकळे होतील. प्राप्तिकरात व्याजाची सवलत मिळते म्हणून कर्ज ठेवावे, असे मामा म्हणत होते. राहत्या घराच्या व्याजावरची वर्षाला दोन लाखांपर्यंतची ती सवलत जुन्या करपद्धतीत आहे, आम्ही नव्या पद्धतीत आहोत.

कर्ज फिटल्यावर कागद परत मिळतील का, ही बाबांची जुनी धास्ती आहे. डिसेंबर 2023 पासून नियम असा आहे की पूर्ण फेड झाल्यावर 30 दिवसांत मूळ कागदपत्रे परत करायची आणि बोजा उतरवायचा. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई बँकेने द्यायची.

फ्लॅटचा खाते उतारा आणि ईसी (मिळकतीवर बोजा आहे की नाही याचा दाखला) वकिलांकडे तपासायला दिले आहेत, आणि त्यांचा शेरा आल्याशिवाय इसार देणार नाही. दोन्ही कर्जांच्या वेळापत्रकांच्या प्रती सोबत पाठवत आहे; बाबांनी आधी तीस लाखांचे पाहावे आणि काही हप्ते स्वतः मोजून घ्यावेत. शनिवारी आम्ही निपाणीला येऊ, तेव्हा जिथे आकडा पटला नसेल तिथे खूण करून ठेवा. आईने पोस्टाचे पासबुक काढून ठेवीला वारस लावलेला आहे का, तेवढे पाहून ठेवावे.

तुमची,
थोरली