नातवाचं नाव केविन ठेवताय, तर

डब्लिन, रविवार

प्रिय सायमन,

आजोबा झालास, मनापासून अभिनंदन! परवा फोनवर तुझ्या घरातला गलका ऐकूनच कळलं की बोलणं काही नीट होणार नाही. म्हणून म्हटलं, निवांत पत्रच लिहावं. सुजाता म्हणते, "मेसेज कर की चार ओळींचा." पण तू फोन ठेवता ठेवता जे बोललास त्याचं उत्तर चार ओळींत मावणारं नाही.

म्हणजे लेक-जावयाला 'केविन' हवंय, आणि मावशी हटून बसल्यात की हे सिनेमातलं नाव घरात नको, वसईच्या मातीत संत जन्मला असताना नाव बाहेरून कशाला आणायचं, गोन्सालो ठेवा. आणि तू दोन्हीकडे मान डोलावून मोकळा. शाळेपासूनची सवय तुझी.

मावशींचं अर्धं म्हणणं मला पटतं. गोन्सालो गार्सिया आपला वसईचा, 1597 मध्ये नागासाकीला क्रुसावर गेला, 1862 मध्ये रोमने त्याला संत म्हटलं. त्याच्या नावाला कोण नाही म्हणेल? पण केविन सिनेमातून आला, हे काही खरं नाही. तोही संतच, आणि गोन्सालोच्या जवळजवळ हजार वर्षं आधीचा. त्याचा मठ माझ्या घरापासून पन्नासेक किलोमीटरवर आहे. भारतातून कोणी पाहुणे आले की आम्ही त्यांना तिथेच नेतो, त्यामुळे या माणसाबद्दल माझ्याकडे बरंच साठलंय. ते सगळं तुझ्या गळ्यात घालतो. मावशींना वाचून दाखव किंवा नको दाखवू.

आधी अर्थ. मूळ आयरिश नाव 'कीव्हीन'. जुन्या आयरिशमध्ये ते दोन शब्दांचं होतं. पहिल्याचा अर्थ प्रिय, सौम्य, देखणा आणि दुसऱ्याचा जन्म. म्हणजे गोड जन्माचा, सुलक्षणी म्हण हवं तर. इंग्रजांनी आयरिश नावं आपल्या कानाला सोसतील तशी लिहून घेतली, त्यात कीव्हीनचा केविन झाला. त्याच पहिल्या शब्दातून मुलींचं 'कीवा' हे नाव आलंय आणि इथे शाळेच्या प्रत्येक वर्गात एखादी कीवा सापडतेच. गंमत म्हणजे परंपरेप्रमाणे केविनच्या आईच्या नावातही तोच शब्द आणि बापाच्याही. आपल्याकडे सुरेश, रमेश, महेश अशी ओळ लागते ना, तशी अख्ख्या घराला सौम्यपणाची ओळ लागलेली. घराणं आयर्लंडच्या पूर्वेकडच्या लेन्स्टर प्रांताचं, पूर्वी राज्य केलेलं आणि नंतर मागे पडलेलं.

त्याच्या मृत्यूचं साल 618 मानतात. तो एकशेवीस वर्षं जगला अशी श्रद्धा आहे, तिच्यावर वाद घालण्यात अर्थ नाही. त्याची चरित्रं लिहिली गेली ती त्याच्यानंतर कित्येक शतकांनी, मठातल्या लोकांनी, मठाचं नाव मोठं व्हावं म्हणून. त्यामुळे चमत्कार भरपूर, तारखा कमी. तुला मला ही गोष्ट नवी नाही. आपल्या संतांच्या बखरीही अशाच.

आता जागा सांगतो. विकलोचे डोंगर, त्यांच्या मधोमध हिमनदीने कोरलेली दरी, दरीत दोन तळी. नावच ग्लेंडालॉख, दोन तळ्यांची दरी. खालच्या तळ्याच्या अलीकडे मठाचं जुनं गाव. दुहेरी कमानीच्या वेशीतून आत गेलं की समोर तीस मीटर उंच गोल मनोरा. त्याचं दार जमिनीपासून साडेतीन मीटर वर, शिडी लावल्याशिवाय पोचता येत नाही. जरा पुढे एक चिमुकलं चर्च आहे. छप्परसुद्धा दगडी, आणि वर जी घंटेची गोल कोठी आहे ती थेट धुराड्यासारखी दिसते, म्हणून लोक त्याला 'केविनचं स्वयंपाकघर' म्हणतात. तिथे कधी चूल पेटली नव्हती, पण नाव पडलं ते पडलं. ओढ्यापलीकडे एक दगड आहे, वर वाटीसारखा खळगा आणि त्यात कायम पावसाचं पाणी. दोन जुळ्या पोरक्या बाळांसाठी एक हरिणी रोज येऊन या खळग्यात दूध सोडून जायची म्हणे. मी पाहिलं तेव्हा त्यात दोन-तीन तांब्याची नाणी आणि आइस्क्रीमची एक काडी होती.

हे सगळं मात्र केविननंतरचं. मठ गजबजला तो त्याच्या नावावर. ग्लेंडालॉखच्या सात वाऱ्या म्हणजे रोमची एक, असं लोक मानायचे. बाराव्या शतकात इथला मठाधिपती लोर्कन ओटूल पुढे डब्लिनचा आर्चबिशप झाला आणि 1225 मध्ये संतही. 1398 मध्ये इंग्रज फौजेने मठाची नासधूस केली, तिथून उतरती कळा.

खुद्द केविन राहायचा वरच्या तळ्यापाशी. तिकडे ऊन कमी, माणूस त्याहून कमी. तळ्याच्या दक्षिणेच्या कड्यात, पाण्यापासून दहाएक मीटर उंचीवर एक लहानशी कपार आहे. ती त्याची शेज. आत धड उभंही राहता येणार नाही. होडीशिवाय तिथे जायची सोय नाही आणि आता लोकांना चढूही देत नाहीत, समोरच्या काठावरूनच बोट दाखवायचं. एवढी सुंदर दरी सोडून माणूस त्या ढोलीत का जाऊन पडला असेल, हे मला आजतागायत कळलेलं नाही.

आता गोष्टी. सगळ्यात प्रसिद्ध म्हणजे पक्ष्याची. उपासकाळ चाललेला. केविन खोपटात गुडघे टेकून प्रार्थनेला बसलेला, खोपट इतकं अरुंद की एक हात खिडकीबाहेर काढलेला, तळवा आभाळाकडे. एक काळा पक्षी, आपल्या कस्तुराच्या जातकुळीतला, येऊन तळव्यावर बसला आणि त्याने तिथे अंडी घातली. केविनने हात मागे घेतला नाही, मूठ मिटली नाही, पिल्लं बाहेर पडेपर्यंत तसाच राहिला. बाराव्या शतकात वेल्सहून आलेल्या एका पाद्र्याने हे लिहून ठेवलंय आणि तो म्हणतो की म्हणूनच आयर्लंडभर केविनच्या मूर्तीच्या हातात पक्षी असतो. या पक्ष्याला अंडी उबवायला जवळजवळ दोन आठवडे लागतात. सायमन, लोकलमध्ये वसईपासून दादरपर्यंत वरचा दांडा धरला तर आपला खांदा भरून येतो!

दुसरी पाणमांजराची. केविनची स्तोत्रांची पोथी तळ्यात पडली, ती पाणमांजराने तोंडात धरून कोरडी ठाक आणून दिली. तेच जनावर मठाला रोज आपल्या रावसासारखा एक मोठा मासा, सामन, आणून द्यायचं. मग एका साधूच्या मनात आलं की याच्या कातड्याचे हातमोजे छान होतील. पाणमांजराला ते कळलं आणि ते परत आलं नाही.

तिसरी हंसाची, आणि ही मावशींना नक्की आवडेल. ओटूल राजाचा लाडका हंस म्हातारा झाला, उडेना. केविन म्हणाला, मी त्याला बरा करतो, पण तो जेवढ्या जमिनीवरून उडेल तेवढी माझी. राजा हो म्हणाला. हंस उठला आणि अख्ख्या दरीला वळसा घालून आला. बळीराजाकडे तीन पावलं मागणारा बटू आठवतोय ना? तीच तऱ्हा.

इथवर सगळं गोड. पण चौथी गोष्ट सांगितली नाही तर मी तुला अर्धाच माणूस दिला असं होईल. कॅथलीन नावाची मुलगी त्याच्या मागे लागली. जुन्या लॅटिन चरित्रात तो तिला नेटल नावाच्या खाजऱ्या पाल्याने झोडपतो, खाजकुइलीसारखी अंगाची आग करणारा पाला तो. ती शरण येते आणि पुढे धर्मिष्ठ होते. लोकांनी ही गोष्ट पुढे वाढवली. त्यांच्या तोंडी ती त्या कपारीपर्यंत पोचते आणि केविन तिला कड्यावरून तळ्यात ढकलून देतो. होडीवाले पर्यटकांना ही रंगवून सांगायचे. मला ती अजिबात आवडत नाही, तिला पवित्र मानण्याचं कारणही दिसत नाही. पण एक खरं की पक्ष्याची गोष्ट सांगणाऱ्या माणसांनीच हीही सांगितली. नाव सौम्य आणि माणूस तिरसट, एकलकोंडा, माणसांपेक्षा जनावरांशी जमणारा, असाच केविन त्यांना आठवत होता. मला तरी हा माणूस पटतो. नुसता गोड संत कोणाला आठवतोय चौदाशे वर्षं?

रोमने त्याच्या पूजेवर शिक्का मारला तो थेट 1903 मध्ये. तोवर त्याला संत ठरवायला आयरिश लोकांनी कोणाला विचारलं नव्हतं. सण 3 जूनला. डब्लिनच्या आर्चडायोसिसचा, म्हणजे आर्चबिशपच्या धर्मप्रांताचा, तो एक पालक संत आहे. म्हणजे फादरांनी विचारलं तर उत्तर तयार: संताचं नाव आहे, सणही आहे.

पण गेल्या शंभर वर्षांत आयर्लंडात घरोघरी केविन झाले त्याचं कारण नुसता संत नव्हे, एक पोरगा आहे. केविन बॅरी, वैद्यकीचा विद्यार्थी, वय अठरा. डब्लिनमध्ये इंग्रज सैनिकांवरच्या हल्ल्यात पकडला गेला आणि 1 नोव्हेंबर 1920 ला माउंटजॉय तुरुंगात त्याला फाशी दिलं. ऑल सेंट्सचा दिवस होता तो, तुला वेगळं सांगायला नको. हल्ल्यात मेलेले सैनिकही कोवळेच होते, तेही सांगितलं पाहिजे. बॅरीला तुरुंगाच्याच आवारात पुरलं. त्याचे अवशेष तिथून बाहेर काढून सरकारी इतमामाने दफन व्हायला 2001 उजाडलं. आपल्याकडे खुदीराम बोस अठराव्याच वर्षी फासावर गेला, आणि त्या बॉम्बप्रकरणावरच्या केसरीतल्या लेखांसाठी टिळक मंडालेला. त्यामुळे इथल्या म्हाताऱ्या माणसांना केविन बॅरीचं गाणं गुणगुणताना ऐकलं की मला ते परकं वाटत नाही.

आता वाईट बातमी, कारण ती तुला दुसरीकडून कळण्यापेक्षा माझ्याकडून कळलेली बरी. सिनेमाबद्दल मावशी अगदीच चुकत नाहीत. 1990 च्या 'होम अलोन'मधला पोरगा केविन, शिवाय तेव्हा हॉलिवूडचा नट केविन कॉस्टनर जोरात. 1991 च्या सुमाराला फ्रान्स आणि जर्मनी, दोन्हीकडे मुलांच्या नावांत केविन पहिल्या नंबरावर गेला. ज्यांनी ठेवलं ते बहुतेक कष्टकरी घरांतले. मग शिकल्यासवरल्या लोकांनी नाकं मुरडायला सुरुवात केली. 2009 मध्ये जर्मनीतल्या ओल्डेनबुर्ग विद्यापीठाने प्राथमिक शिक्षकांना नावांबद्दल विचारलं, तर एकाने की एकीने लिहून दिलं, "केविन हे नाव नव्हे, रोगनिदान आहे." पोर वर्गात यायच्या आधीच त्याचा निकाल! जर्मनीत या तुच्छतेला नावसुद्धा आहे, केविनिझमस. जावयाचं पुढेमागे जर्मनीला जायचं चाललंय म्हणालास, म्हणून मुद्दाम लिहिलं. पण यात नावाचा काय दोष? आपल्याकडेही आडनाव ऐकून बाक ठरवणारे मास्तर आपण दोघांनी पाहिलेत. त्यांच्यासाठी नाव बदलायचं नसतं, असं माझं स्पष्ट मत आहे.

आणि वसई, बांद्रा, म्हापसा इथे केविन कमी आहेत का? तिथे कोणी या नावाला हसत नाही. मावशी बाहेरचं नाव म्हणतात, तर त्यांना सांग की मालवणजवळच्या वराड गावाचं आडनाव लावणारा माणूस, लिओ वराडकर, 2017 मध्ये इथला पंतप्रधान झाला आणि साऱ्या आयर्लंडने 'वराडकर' म्हणायला शिकून घेतलं. त्यांनी आपलं आडनाव पेललं, मग आपण त्यांचं एक नाव पेलायला काय हरकत आहे?

जावई क्रिकेटवेडा आहे, त्याच्यासाठी वेगळं देतो. 2 मार्च 2011, बंगळूर, विश्वचषक. इंग्लंडच्या 327 धावा, आयर्लंडचे पाच गडी 111 वर बाद. मग केविन ओब्रायन, कर्करोगाच्या मदतनिधीसाठी केस गुलाबी रंगवलेला. 50 चेंडूंत शतक, विश्वचषकातलं तोवरचं सगळ्यात वेगवान. आयर्लंड तीन गडी राखून जिंकलं. हा सामना त्याने पाहिला असणारच. नाव तिथूनच सुचलं असेल तर मावशींना सांगू नकोस.

माझं विचारशील तर केविन ठेवा, आणि मधलं नाव गोन्सालो. बाप्तिस्म्याच्या दाखल्यावर दोन्ही लिहिता येतील, मावशी हाक मारतील ती त्यांच्या आवडीची. नाताळात आम्ही तीन आठवडे येतोय. बाप्तिस्मा तेव्हा ठेवता आला तर बघ, तारीख लवकर कळव म्हणजे विमानाची तिकिटं त्याप्रमाणे काढतो. ग्लेंडालॉखच्या दुकानातून हातावर पक्षी घेतलेल्या केविनची लहान मूर्ती घेऊन ठेवली आहे, येताना आणतो. वजनाला बरीच आहे, तेव्हा तुझी ती व्हिस्कीची फर्माईश या खेपेला एकाच बाटलीवर भागव. लेकीला जप म्हणावं, मावशींना नमस्कार.

तुझा,
विनायक