रेघ कुठून सुरू करायची, हे शिकवणाऱ्या बाईंना

आदरणीय बाई,
सप्रेम नमस्कार.

नववीच्या बीजगणितातल्या वास्तव संख्या तुम्ही माझ्या लेकीला समजावून दिल्यात, त्याबद्दल मनापासून आभार. हे मी घरी येऊनही सांगितलं असतं. पण तुम्ही दाखवलेली एक गोष्ट आणखी मुलांपर्यंत पोचावी असं फार वाटतं, म्हणून हे जाहीर पत्र.

आवर्ती दशांशात पुन्हा पुन्हा येणाऱ्या अंकांवर रेघ द्यायची असते हे तिला ठाऊक होतंच. ३/११ चे ०.२७२७… आले की २७ वर रेघ. अंक परत दिसले की झालं. तुम्ही तिला १/१७ चा भागाकार करायला दिलात. ०.०५८८ पर्यंत आल्यावर ती ८ वर रेघ द्यायला निघाली, तेव्हा तुम्ही चूक-बरोबर काहीच बोलला नाहीत. "बाकी वाच," एवढंच म्हणालात.

पहिला ८ आला तो १५० ला भागून, बाकी उरली १४. दुसरा ८ आला १४० ला भागून, बाकी ४. अंक तोच, पण बाकी वेगळी. म्हणजे पुढची वाटही वेगळी, आणि खरंच पुढे २ आला. रेघ कधी द्यायची हे भागाकाराच्या अंकांवरून नाही, बाकीवरून ठरतं, हे तिला त्या क्षणी कळलं. तिथेच बसलेल्या मलाही कळलं.

मग तुम्ही तिला प्रत्येक बाकी समासात लिहायला लावलीत. १७ ने भागताना बाकी १ ते १६ यांपैकीच उरणार. शून्य उरली तर भागाकार तिथेच संपला. त्यामुळे कधी ना कधी एखादी बाकी परत यायलाच हवी, आणि ती आली की तिच्यानंतरचे सगळे अंक त्याच क्रमाने येणार. १/१७ ला तर सोळाच्या सोळा बाक्या येऊन गेल्या आणि मग १ परत आला. ०.०५८८२३५२९४११७६४७, आणि रेघ दशांशचिन्हापुढच्या शून्यापासून शेवटच्या ७ पर्यंत, सोळाही अंकांवर. कॅल्क्युलेटरवर हे दिसत नाही. साध्या कॅल्क्युलेटरच्या पडद्यावर इतके अंक मावतच नाहीत, शिवाय २/३ केलं तर कितीतरी कॅल्क्युलेटर शेवटी ७ दाखवतात. मला विचाराल तर हा धडा शिकताना मुलांनी भागाकार हातानेच करावा.

१/६ सुद्धा मला आता नव्याने दिसतो. पहिली पायरी १० ला ६ ने भागायची: भाग १, बाकी ४. मग ४० ला: भाग ६, बाकी पुन्हा ४. परत येते ती ४. सुरुवातीचा १ पुन्हा कधीच येत नाही. म्हणून ०.१६ मध्ये रेघ फक्त ६ वर. ती चुकून १६ वर ओढली तर संख्याच बदलते, ०.१६१६… म्हणजे १६/९९ होते. एवढ्याशा रेघेवर इतकं अवलंबून असतं!

२२/७ चंही तसंच. भागाकार ३.१४२८५७, रेघ १४२८५७ वर. पायच्या (π) अंकांवर अशी रेघ कुठेच देता येत नाही, हे गणितज्ञ लँबर्ट यांनी अठराव्या शतकात सिद्ध केलं. त्यामुळे २२/७ ही पायची जवळची किंमत आहे, पाय नव्हे. हे वाक्य शाळेत आम्ही नुसतं पाठ केलं होतं.

बाई, तुम्ही फी घेतली नाहीत, घड्याळाकडे पाहिलं नाहीत आणि एकही उत्तर आयतं दिलं नाहीत. त्या शेवटच्या गोष्टीचं मोल मला सर्वांत जास्त आहे.

आता तिने स्वतःच १/१३ केलाय. बारा बाक्या शक्य असताना सहाच आल्या: १, १०, ९, १२, ३, ४. उरलेल्या कुठे गेल्या म्हणून तिने २/१३ केला, तर त्या सहाही तिथे सापडल्या. असं का होतं, हे विचारायला ती वही घेऊन तुमच्याकडे येणार आहे. मीही तिच्याबरोबर येते आहे.

कळावे, लोभ असावा.

तुमच्या विद्यार्थिनीची आई