मेंडोसाहून आप्पांना: बर्फाच्या पाण्यावरची बाग

तुनुयान, मेंडोसा (अर्जेंटिना)
मार्चअखेर

ती. आप्पांना सा. नमस्कार,

'वर्षाला आठ इंच पाऊस पडतो, मग द्राक्षाची बाग जगते कशावर?' असं तुम्ही विचारलंत. फोनवर एवढं सगळं सांगणं होत नाही, म्हणून लिहायला बसले.

पाऊस खरंच तेवढाच, साधारण २०० मिलिमीटर. पॅसिफिककडून येणारे ढग अँडीज चढतानाच चिलीच्या बाजूला रिकामे होतात, आणि आमच्याकडे उतरतो तो कोरडा वारा. पण त्याच डोंगरांवर हिवाळाभर बर्फ साचतो. आकोंकाग्वाचं शिखर ६,९६१ मीटर उंच आहे, आपल्या कळसूबाईच्या चौपटीहून जास्त. उन्हाळा लागला की बर्फ वितळून मेंडोसा आणि तुनुयान या नद्यांना पाणी येतं, म्हणजे वेलीला ते लागतं नेमकं त्याच वेळी. तरी प्रांतातली जेमतेम चार-पाच टक्के जमीनच ओलिताखाली आहे. पाट संपला की लगेच काटेरी झुडपांचा माळ सुरू होतो. ती हद्द पहिल्यांदा पाहिली तेव्हा मला तुमचीच आठवण आली.

हे पाट कुणी काढले ते ऐका. स्पॅनिश लोकांनी १५६१ मध्ये मेंडोसा शहर वसवलं, पण त्याच्या आधीपासून वार्पे नावाचे इथले मूळ लोक चाऱ्या खोदून नदीचं पाणी शेतात नेत होते. स्पॅनिशांनी द्राक्षाचा वेल आणला, पाणी मात्र त्यांना आयतं खेळवलेलं मिळालं. वार्पेंचं नाव जेवढं घ्यायला हवं तेवढं इथे घेतलं जात नाही, असं मला मनापासून वाटतं. १८६१ च्या भूकंपात सगळं शहर पडलं. पुन्हा बांधताना रस्ते रुंद ठेवले, आणि आजही गावात रस्त्याच्या कडेने पाट वाहतात नि त्या पाण्यावर मोठमोठी झाडं उभी आहेत.

१८८४ मध्ये इथे पाण्याचा कायदा झाला. पाण्याचा हक्क जमिनीला जोडलेला. जमीन एकाला आणि पाणी दुसऱ्याला असं विकता येत नाही. प्रत्येक पाटावरचे शेतकरी मत देऊन आपला देखरेख करणारा निवडतात. दारं उघडणारा पाटकरीही आहे, त्याला तोमेरो म्हणतात. ज्याची पाळी ज्या वेळेला, त्या वेळेला त्याने बांधावर हजर राहायचं, मग ती मध्यरात्र का असेना. आपल्याकडे कालव्याचं आवर्तन कधी सुटणार याच्या बातम्यांकडे डोळे लागलेले असतात. इथे शेतकऱ्याला निदान आपल्या वाट्याचा हिशेब आधी कळतो. पाणी वाढत नाही त्याने, भांडणं कमी होतात. २०१० पासून बरीच वर्षं बर्फ कमी पडला, तेव्हा सगळ्यांच्याच पाळ्या आखडल्या.

वाइनचा इतिहास मी थोडक्यात सांगते. १८५३ मध्ये, पुढे अर्जेंटिनाचे राष्ट्राध्यक्ष झालेल्या सार्मिएंतो यांच्या पुढाकाराने इथे शेतीशाळा निघाली. मिशेल पुजे या फ्रेंच शेतीतज्ज्ञाने तिथे फ्रान्समधल्या जाती आणल्या, त्यांतच माल्बेक ही वाइनची काळी जात होती. १८८५ मध्ये ब्वेनोस आयरेसहून रेल्वे आली आणि तिच्यामागून इटालियन, स्पॅनिश कुटुंबं आली. इथला माणूस १९७० च्या आसपास वर्षाला ८०-९० लिटर वाइन प्यायचा. पुढे खप घसरला आणि लोकांनी जुन्या माल्बेकच्या बागा उपटून टाकल्या. नव्वदीच्या दशकात निर्यातीचे दिवस आले, तेव्हा त्याच जातीच्या वेली उंचावर, आमच्या या ऊको खोऱ्यात, नव्याने लावाव्या लागल्या.

हे खोरं ९०० ते १५०० मीटर उंचीवर आहे. दिवसा ऊन भाजून काढतं आणि रात्री स्वेटर लागतो. त्या थंडीमुळे मण्यातली आंबटी टिकते, आणि कडक उन्हाने साल जाड होऊन रंग गडद चढतो. जमीन म्हणाल तर गोटेच. काही ठिकाणी त्यांच्यावर चुन्याचा पांढरा थर असतो. आपल्या काळ्या रानातला माणूस अशा जमिनीचा सौदाच करणार नाही. हवा कोरडी, त्यामुळे डाऊनी या बुरशीच्या रोगासाठी फवारण्या अगदी थोड्या. फायलोक्सेरा या मुळांवरच्या किडीने इथे फारसं नुकसान केलं नाही, म्हणून कित्येक जुन्या वेली स्वतःच्याच मुळांवर उभ्या आहेत, खाली आपल्यासारखा डॉगरिजचा कलमाचा खुंट वगैरे काही नाही.

आणि एक गंमत. तुमची गोडी छाटणी, म्हणजे फळासाठीची, होऊन डोळे फुटतात तेव्हाच इथेही फुटतात, आणि काढणीही दोन्हीकडे साधारण फेब्रुवारी-मार्चच्या सुमारासच. पण इथले ऋतू आपल्या उलटे, म्हणून त्याच महिन्यांत तुमची बाग हिवाळ्यात वाढते, इथली उन्हाळ्यात. काढणीनंतर तुम्ही एप्रिलमध्ये खरड छाटणी करून वेलीला पुन्हा कामाला लावता, इथे ती पानं गाळून ऑगस्टपर्यंत गाढ झोपते. थंडीने डोळे आपोआप एकसारखे फुटतात, डोळे फोडायची पेस्ट लावावी लागत नाही.

म्हणून दादाला सांगा, खायच्या द्राक्षाची थॉम्पसन काढून माल्बेक लावायचा विचार इथली बाटली पाहून करू नकोस. नाशिकला वाइनची द्राक्षं होतात, चांगली होतात, पण इथल्या मालात जे आहे ते या झोपेतून आणि या रात्रींतून येतं, नुसत्या रोपातून नाही.

घेण्यासारखी गोष्ट आहे ती गारपिटीची. गारा इथेही दर उन्हाळ्यात येतात, पाच मिनिटांत वर्ष संपवतात. ढगांत सिल्व्हर आयोडाइड सोडायला सरकारने बरीच वर्षं विमानंसुद्धा उडवली. शेतकऱ्याचा भरवसा मात्र जाळीवर. ओळीच्या दोन्ही अंगांना काळी जाळी, नाहीतर मांडवावरून पसरलेली. महाग आहे, पण एकदा लावली की बरीच वर्षं टिकते.

मात्र जाळी गार अडवते, अवकाळी पाऊस नाही, आणि थोडी सावलीही धरते. इथल्या उन्हात ती सावली बरीच वाटते, पण डिसेंबरच्या ढगाळ दिवसांत आपल्या निफाडला ती भुरी रोगाला साथ देईल अशी मला धास्ती आहे. दोन वर्षांच्या गारपिटीनंतर दादा सगळ्या बागेवर एकदम खर्च करायला निघालाय, त्याला थांबवा. विहिरीकडच्या चार ओळींवर आधी लावा, शेजारच्या चार उघड्या ठेवा, आणि दोन्हींकडची साखर, मण्यांची फुगवण, भुरी वेगवेगळी लिहून ठेवा. जाळी किती दाट घ्यायची ते इथल्या बागायतदारांना विचारून पुढच्या आठवड्यात कळवते.

आईला नमस्कार. तिला म्हणावं, गुडघ्यांसाठी डॉक्टरांनी सांगितलेले व्यायाम सोडू नकोस.

तुमची,
ताई