डावा इंडिकेटर

ग्वेरेरो नेग्रो, मेक्सिको

प्रिय मित्रा,

काल दिवसभर फोनला रेंज नव्हती. तुझे मेसेज रात्री इथे पोचल्यावर एकदम आले. काळजी करू नकोस, सुखरूप आहे.

बाहा कॅलिफोर्नियाचं द्वीपकल्प नकाशावर सोंडेसारखं लोंबताना दिसतं ना, त्याच्या जवळजवळ मध्यावर आहे मी. वर तिहुआना, खाली टोकाला काबो सान लुकास आणि दोन्ही टोकं सलग जोडणारा हा महामार्ग क्रमांक १, एकूण १,७११ किलोमीटर. १९७३ साली तो पूर्ण डांबरी झाला. त्याआधी मधल्या वाळवंटात नुसती चाकोरी होती. रस्ता झाला आणि पुढच्याच वर्षी दक्षिणेकडच्या भागाला राज्याचा दर्जा मिळाला.

महामार्ग म्हटलं तरी दोनच लेन, आणि बहुतेक ठिकाणी साइडपट्टी नाहीच. डांबर संपलं की चाक थेट खाली. ओढ्यांवर पुष्कळदा पूलही नसतो. रस्ताच पात्रात उतरतो आणि पलीकडे चढतो, आपल्या फरशीसारखा. इथे त्याला ‘वादो’ म्हणतात. एरवी कोरडा ठणठणीत, पण वादळी पाऊस झाला की पाणी ओसरेपर्यंत अलीकडेच थांबायचं.

एल रोसारिओला टाकी काठोकाठ भरली, कारण पुढे तीनशेहून अधिक किलोमीटर पंपाचा भरवसा नाही. मध्ये कातावीन्याला लोक रस्त्याकडेला पिंपातून पेट्रोल विकतात. तिथला परिसर तू पाहायलाच हवास! घराएवढ्या धोंड्यांच्या राशी आणि त्यांतून वर गेलेली सिरिओची झाडं. चर्चमधल्या उंच मेणबत्तीवरून हे नाव पडलं. सरळसोट खोड, अंगभर बारीक काड्या आणि शेंड्याला जेमतेम फांदी. पाऊस पडला की तेवढ्यापुरती पानं फुटतात. गाडी बंद करून मी तासभर नुसता बसून राहिलो.

पण लिहायचं होतं ते वेगळंच. इथे गाड्या रस्त्याच्या उजव्या बाजूने चालतात, म्हणून ओव्हरटेक डावीकडून. इथे पुढचा ट्रकवाला डावा इंडिकेटर देतो, म्हणजे ‘समोर मोकळं आहे, जा.’ पंचाईत अशी की डावीकडे वळणाराही तोच देतो. तू मला गाडी शिकवलीस तेव्हा बजावलं होतंस, स्वतःला दिसत नाही तोवर ओव्हरटेक करायचं नाही. ते डोक्यात पक्कं बसलेलं. एका ट्रकने तीनदा इंडिकेटर दिला, मी तिन्ही वेळा मागेच राहिलो. वळणावळणावर क्रूस आणि छोटी देवळं दिसत होती, प्लास्टिकची फुलं वाहिलेली. ती पाहून पाय ॲक्सिलरेटरवर जाईचना.

चौथ्यांदा नीट पाहिलं. डावीकडे फाटा नाही, समोरचा सपाट रस्ता मलाही दिसत होता. निघालो. पुढे गेल्यावर हात बाहेर काढून त्याचे आभार मानले, त्यानेही हॉर्न दिला. बोललो काहीच नाही, पण त्या उजाड माळावर कोणीतरी सोबत आहे असं वाटलं, आणि तुझी फार आठवण आली.

इथे अठ्ठाविसाव्या अक्षांशावर राज्याची हद्द आहे. ती ओलांडली आणि घड्याळ एक तास पुढे केलं. उद्या खाडीतले करडे देवमासे पाहायचे. पिल्लांना जन्म द्यायला ते थेट आर्क्टिककडून इथवर येतात. परवा सान इग्नासिओ. अंधार पडायच्या आत पोचेन, रात्री गुरं रस्त्यावर येऊन बसतात.

पुढच्या खेपेला तू ये. स्टिअरिंग तुझ्याकडे.

तुझाच